मधला चेंडू

स्मरणिकेसाठी लेख मागायला फोन आला तेव्हाच तंबी मिळाली, "शाळेच्या आठवणी सगळेच लिहिणार आहेत, तू दुसरं काहीतरी लिही." शाळेत मला दोनच गोष्टी बऱ्यापैकी यायच्या, इतिहास आणि व्हॉलीबॉल. म्हणून एका व्हॉलीबॉल खेळाडूचा इतिहास लिहितो. आठवणी त्यात डोकावल्याच तर संपादक मंडळाने सांभाळून घ्यावं.

त्याचं नाव कार्च किराय. स्पेलिंग पाहून आपल्याकडे बरेच जण 'किराली' म्हणतात. मीही कित्येक वर्षं तसंच म्हणत होतो. हंगेरियन भाषेत या शब्दाचा अर्थ राजा. त्याचे वडील लास्लो हंगेरीच्या ज्युनियर राष्ट्रीय संघातून खेळलेले. १९५६ चा उठाव सोव्हिएत रणगाड्यांनी चिरडला, तेव्हा ते देश सोडून अमेरिकेत आले. कार्चचा जन्म १९६० चा, मिशिगन राज्यातला. वाढला मात्र कॅलिफोर्नियात, सँटा बार्बराच्या समुद्रकिनाऱ्यावर. सहाव्या वर्षी वडिलांनी त्याला वाळूत उभं करून चेंडू घ्यायला शिकवलं. अकराव्या वर्षी बापलेकांची जोडी मोठ्या माणसांच्या स्पर्धेत उतरली.

वाळूवरचा खेळ आपल्या खेळाहून फार वेगळा आहे. एका बाजूला फक्त दोघे. राखीव खेळाडू नाही आणि त्या काळी सामना चालू असताना बाहेरून प्रशिक्षकाने ओरडायचंही नसे. जाळं आपल्याएवढंच उंच, २.४३ मीटर, पण पायाखाली वाळू, त्यामुळे उडी कमी होते. वारा आणि ऊन यांचा हिशेब वेगळाच. आपल्याकडे एखादा नुसता स्मॅशर म्हणून खपून जातो, एखादा नुसता बूस्टर. तिथे सर्व्हिस घेणं, बूस्ट करणं, मारणं, अडवणं सगळं प्रत्येकाला आलंच पाहिजे. न येणाऱ्यावर समोरचे सर्व्हिसमागून सर्व्हिस टाकत राहतात.

किराय लॉस एंजेलिसच्या यूसीएलए विद्यापीठात गेला तेव्हा त्याला वाळूवरचा भिडू मिळाला, सिंजिन स्मिथ. वयाने तीनेक वर्षं मोठा. १९७९ साली दोघे विद्यापीठाच्या संघातही एकत्र होते आणि तो संघ त्या हंगामात एकही सामना न हरता राष्ट्रीय विजेता झाला. (किरायने पदवी जीवरसायनशास्त्रात घेतली. तीही चांगल्या गुणांनी. 'खेळणारी मुलं अभ्यासातून जातात' हे आपल्या घराघरांत ऐकवलं जायचं, म्हणून मुद्दाम नोंदवतो.) पुढे मात्र वाटा फुटल्या. किरायने सहा जणांचा राष्ट्रीय संघ निवडला, स्मिथ वाळूवरच राहिला. त्याने रँडी स्टोकलॉसबरोबर नवी जोडी जमवली आणि त्या दोघांनी सगळे किनारे गाजवले.

राष्ट्रीय संघात किरायने जे केलं ते समजायला आपल्या मैदानावर यावं लागेल. समोरची सर्व्हिस घ्यायला सर आपल्याला इंग्रजी 'डब्ल्यू'च्या आकारात उभं करायचे, पाच जण. जगभर साधारण हीच पद्धत होती. अमेरिकेचे प्रशिक्षक डग बील यांनी ती मोडली. सर्व्हिस घ्यायची फक्त दोघांनी, किराय आणि आल्डिस बर्झिन्स. बाकीच्यांनी मारायच्या तयारीत राहायचं. नऊ बाय नऊ मीटरचं मैदान दोघांवर सोडायचं हा वेडेपणा वाटेल. पण ज्याने लहानपणापासून वाळूत अर्धं मैदान एकट्याने सांभाळलं, त्याला लाकडी फरशीवर ते अवघड कसं जाणार? १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकमध्ये साखळीत ब्राझीलने त्यांना हरवलं होतं. अंतिम सामन्यात त्याच ब्राझीलला त्यांनी सरळ तीन सेटमध्ये हरवून सुवर्णपदक घेतलं. सोव्हिएत संघाचा बहिष्कार होता म्हणून जमलं, असं लोक म्हणालेच. १९८८ ला सोलमध्ये किराय कर्णधार होता आणि अंतिम सामन्यात समोर सोव्हिएत संघच होता. ३-१.

त्यानंतर तो इटलीतल्या रावेन्नाच्या क्लबकडून दोन हंगाम व्यावसायिक म्हणून खेळला. त्याच्याआधी केरळचा जिमी जॉर्ज इटलीच्या लीगमध्ये खेळून आला होता, हे आपल्यातल्या व्हॉलीबॉलवेड्यांना सांगायला नको. इटलीत किरायला पैसा भरपूर मिळाला असणार. तरी तो परतला आणि केंट स्टेफिसला भिडू घेऊन पूर्णवेळ वाळूवर उतरला. डोक्यावर गुलाबी टोपी, तीच त्याची ओळख.

१९९६ ला अटलांटा ऑलिम्पिकमध्ये बीच व्हॉलीबॉल पहिल्यांदा आलं. गंमत अशी, की समुद्र तिथून शेकडो किलोमीटर दूर. शहराबाहेर वाळू आणून किनारा तयार केला होता. अंतिम सामना किराय-स्टेफिस यांनी डॉड-व्हिटमार्श या अमेरिकन जोडीविरुद्धच १२-५, १२-८ असा जिंकला. सहा जणांच्या आणि दोघांच्या अशा दोन्ही खेळांत ऑलिम्पिक सुवर्ण मिळवणारा तो एकमेव.

माझ्या मनात राहिला तो मात्र त्याआधीचा सामना. जाळ्यापलीकडे सिंजिन स्मिथ होता. अमेरिकन खेळाडूंची संघटना आणि आंतरराष्ट्रीय महासंघ यांचं तेव्हा वाजलं होतं. स्मिथ महासंघाच्या बाजूने. त्याची आणि कार्ल हेंकेलची जागा महासंघाच्या स्पर्धांतून आली, किराय देशातल्या निवड स्पर्धेतून आला. स्मिथच्या जोडीला अशी जागा मिळणं योग्य नाही, असं किराय उघड बोलला होता. एक ३५ वर्षांचा, दुसरा ३९ वर्षांचा. कोण कुठे चेंडू टाकणार हे दोघांना तोंडपाठ. तेव्हा सर्व्हिस आपली असेल तरच गुण मिळायचा, त्यामुळे सर्व्हिस इकडून तिकडे जात राहायची आणि गुणफलक हलायचा नाही. १५ गुणांचा एकच सेट होता, तो १७-१५ असा किरायकडे गेला.

हे मी पुढे कधीतरी वाचलं आणि पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिलो. १९८५ ची जिल्हा स्पर्धा आपल्या बॅचला आठवत असेलच. शेवटचा सेट, १३-१४, समोरची सर्व्हिस. साधा, वरून येणारा चेंडू माझ्या आणि त्याच्या बरोबर मध्ये पडला. मला वाटलं तो घेईल, त्याला वाटलं मी. दोघेही तोंडातून शब्द न काढता पाहत राहिलो. सर काही बोलले नाहीत. परतीच्या एस.टी.त आम्ही दोघे मात्र नको ते बोललो. मी त्याच्या घरच्यांवरून बोललो, ते मी बोलायला नको होतं. दहावीचं अख्खं वर्ष एका बाकावर बसून आम्ही एकमेकांशी बोललो नाही. त्याचं नाव लिहीत नाही, तुम्हा सगळ्यांना ठाऊक आहे.

किरायचं पुढचं थोडक्यात सांगतो. १९९९ मध्ये त्याने वाळूवरच्या सर्वाधिक विजेतेपदांचा विक्रम मोडला. १३९ विजेतेपदांचा तो विक्रम होता सिंजिन स्मिथचा. माइक लँबर्टबरोबर २००५ मध्ये तो शेवटची स्पर्धा जिंकला तेव्हा ४४ वर्षांचा होता. एकूण विजेतेपदं १४८. २००७ ला निवृत्त झाला, मग प्रशिक्षक झाला. अमेरिकेच्या महिला संघाला ऑलिम्पिक सुवर्ण कधीच मिळालं नव्हतं, ते २०२१ मध्ये टोकियोत त्याच्या हाताखाली मिळालं. जगात सगळ्यात चांगली सर्व्हिस घेणारा माणूस आता बाकावर बसून दुसऱ्यांना सर्व्हिस घेताना पाहतो. मला ते जमलं नसतं.

मेळाव्याच्या दिवशी संध्याकाळी मागच्या मैदानावर जाळं बांधणार आहेत, असं कळलं. तो येतोय, हेही कळलं. गुडघ्यांची अवस्था सांगण्यासारखी नाही, पण मी बूट घेऊन येणार आहे. सरांना एकच विनंती, आम्हा दोघांना एकाच बाजूला उभं करा. मधला चेंडू आला तर या वेळी 'माझा' म्हणून ओरडेन.