श्रूजबरीचा अर्ल : घराणे, कैदी आणि कुळे

श्रोतेहो, राजेराण्यांच्या भांडणाचा खर्च शेवटी कोण भरतो, हा प्रश्न इतिहासाच्या पुस्तकांत क्वचितच विचारलेला आढळतो. आमचे आयुष्य कामगारांच्या संघटनेत गेले, त्यामुळे कोणतीही हकीकत वाचताना आमची नजर आधी जमाखर्चाकडे जाते. इंग्लंडात एलिझाबेथ राणीच्या अमदानीत होऊन गेलेला जॉर्ज टॅलबट, श्रूजबरीचा सहावा अर्ल, याचे चरित्र आम्ही त्याच नजरेने वाचले व तसेच आपणांपुढे मांडीत आहोत.

टॅलबट घराणे त्या देशातील बड्या उमरावांपैकी एक. १५६० साली बाप वारल्यावर जॉर्जच्या हाती शेफील्डचा किल्ला, डर्बीशायर व यॉर्कशायरमधील जमिनी, कुरणे, शिसे गाळण्याच्या भट्ट्या, लोखंडाचे कारखाने आणि कोळशाच्या खाणी आल्या. उमराव म्हटला की शिकार आणि मेजवान्या एवढेच डोळ्यांपुढे येते. हा गृहस्थ मात्र पक्का व्यापारी होता. शेफील्डचे सुऱ्या-कात्र्या करणारे कारागीर तेव्हाही नावाजलेले होते व त्यांचे नियम अर्लच्या कचेरीतून ठरत. १५६५ च्या नियमांत सात वर्षांची उमेदवारी होती, आणि ऑगस्टात व नाताळानंतर काही आठवडे काम बंद ठेवण्याची सक्ती होती. बाजारात माल साचू नये हा त्यातला एक हेतू असावा. या कलमाकडे आमचे विशेष लक्ष गेले, हे कबूल केले पाहिजे.

पहिली बायको गरट्रूड हिच्यापासून त्याला चार मुलगे व तीन मुली झाल्या. ती वारल्यावर १५६७ च्या सुमारास त्याने बेस ऑफ हार्डविक हिच्याशी लग्न केले. ही बाई विलक्षण होती. साध्या जमीनदाराची मुलगी. तीन नवरे मागे टाकून चौथ्याच्या घरी आली ती पैसा, जमीन व सहा मुले घेऊन. लग्नाबरोबर दोन्ही घरांत साटेलोटेही झाले. १५६८ च्या फेब्रुवारीत अर्लचा मुलगा गिल्बर्ट याला बेसची मुलगी मेरी दिली, आणि बेसचा थोरला मुलगा हेन्री याला अर्लची आठ वर्षांची मुलगी ग्रेस दिली. घरातली जमीन घराबाहेर जाऊ नये, हा हिशेब आपल्याकडील कोणत्याही वतनदाराला समजला असता.

त्याच वर्षी स्कॉटलंडची राणी मेरी स्टुअर्ट राज्य गमावून इंग्लंडात आश्रयाला आली. एलिझाबेथला तिला सोडता येईना, मारताही येईना. तेव्हा १५६९ च्या फेब्रुवारीत तिला टटबरीच्या किल्ल्यात अर्लच्या स्वाधीन करण्यात आले. अर्लला वाटले असेल, मोठा मान मिळाला. हा मान पुढे साडेपंधरा वर्षे त्याच्या मानगुटीवर बसला.

कैदी म्हणजे राणी. तिचे सरदार, दासी, आचारी, घोडे, सारे तिच्याबरोबर. किल्ला घाण झाला की झाडूनपुसून घेण्यासाठी सगळा लवाजमा दुसऱ्या वाड्यात हलवावयाचा. पहारेकरी वेगळे, त्यांचा पगार वेगळा. या सगळ्यासाठी सरकारातून आठवड्याला ५२ पौंड मंजूर होते. १५७५ साली ते ३० पौंडांवर आणले गेले. म्हणजे वर्षाला २७०४ होते त्याचे १५६० झाले. तेही वेळेवर मिळत नसत. अर्लने पत्रांमागून पत्रे लिहिली. पैसे वाढवून मिळेनात आणि कामातून मोकळीकही मिळेना. आई जेवू घालीना, बाप भीक मागू देईना, अशी त्याची गत झाली.

मग त्याने हात घातला तो खंडाला. खंडवाढीचे कारण केवळ कैदीणच होती असे आम्ही म्हणणार नाही. महागाई तेव्हा सर्वत्र होती व हा गृहस्थ मूळचाच हिशेबी होता. पण कैदेच्या खर्चाने त्याचा हात अधिक आवळला, असा आमचा कयास आहे. डर्बीशायरच्या उंच माळावर ग्लॉसपडेल म्हणून भाग आहे. ही मुळात एका मठाची जमीन. मठ मोडल्यावर १५३७ साली ती टॅलबटांना मिळाली. तेथील कुळांवर वाढीव खंड बसला. त्यांनी काय करावे? १५७९ साली त्यांच्यातील काहीजण दीडशे मैलांच्यावर मजल मारून लंडनला गेले आणि राणीच्या प्रिव्ही कौन्सिलपुढे त्यांनी गाऱ्हाणे घातले. ज्याच्याविरुद्ध तक्रार तो स्वतः त्या कौन्सिलचा सभासद, राज्यातील अर्ल मार्शल! तरीही माणसे गेली, एकदा नव्हे, पुनःपुन्हा गेली. संघटना, वर्गणी, पुढारी यांची नावेही ज्या काळात नव्हती त्या काळात हे घडले. वाटखर्चाला पदरचे पैसे मोडावे लागले असतील आणि मागे घरी शेताचे काम कोणी तरी ओढले असेल, एवढे तर उघड आहे.

कौन्सिलने कुळांना हाकलून दिले नाही. उलट, त्यांच्याशी सौम्यपणे वागावे असे अर्लला कळविले. त्याला हा भयंकर अपमान वाटला. आम्ही राणीची एवढी सेवा करतो, आणि आमच्याच कुळांचे शब्द आमच्यापेक्षा खरे ठरतात, असा त्याचा सूर होता. कौन्सिलला कुळांचा कळवळा किती आणि डोंगराळ मुलखात दंगा होईल ही धास्ती किती, हे ज्याचे त्याने ठरवावे. अशा मध्यस्थीचा अनुभव आम्हांला आहे.

घरातही आग लागली होतीच. १५७४ साली बेसने आपली मुलगी एलिझाबेथ ही राजरक्ताच्या चार्ल्स स्टुअर्टला, राणीला न विचारता, परस्पर देऊन टाकली. त्या जोडप्याची मुलगी आरबेला पुढे गादीची दावेदार म्हणून गाजली. या लग्नाचा जबाब अर्लला द्यावा लागला. पुढे नवराबायकोंत चॅट्सवर्थच्या मालमत्तेवरून जुंपली. अर्लचे कैदी राणीशी संबंध आहेत अशी कंडी उठली. बेस आणि तिच्या मुलांनी १५८४ मध्ये कौन्सिलपुढे ती खोटी असल्याचे सांगितले. मुलगा गिल्बर्ट सासूच्या बाजूचा. त्याच साली मेरी दुसऱ्याच्या ताब्यात गेली व अर्लची सुटका झाली. पण १५८७ च्या फेब्रुवारीत तिचा शिरच्छेद झाला तेव्हा अर्ल मार्शल म्हणून त्यालाच फोदरिंगेला उभे राहावे लागले.

१५९० च्या नोव्हेंबरात तो शेफील्डला वारला. आपले थडगे त्याने जिवंतपणीच बांधून घेतले होते. मृत्यूची तारीख घालावयाला वारसांना सवड होणार नाही, असे तो म्हणाल्याचे सांगतात, आणि थडग्यावर ती जागा कोरी राहिली. बेसने त्याच वर्षी हार्डविकचा नवा वाडा बांधावयास घेतला.

गिल्बर्ट १६१६ साली वारला. मागे तीन मुली. त्यांपैकी अलेथियाचे लग्न टॉमस हॉवर्डशी झाले होते. त्याचा आजा नॉरफोकचा ड्यूक. १५७२ च्या जानेवारीत त्याला देहान्ताची शिक्षा सुनावली ती न्यायासनावर बसलेल्या याच श्रूजबरीने, आणि सुनावताना तो रडला होता. शेफील्ड हॉवर्डांकडे गेले, आणि ग्लॉसपडेलचा खंडही पुढे त्यांच्याच खजिन्यात जमा होऊ लागला.