मुखवट्यामागील ललिताबाई

१९८७ साली दूरदर्शनवर 'रामायण' सुरू झाले, तेव्हा आम्हां देगलूरकरांस ललिताबाई पवार मंथरेच्या रूपाने घरबसल्या दिसू लागल्या. तत्पूर्वी त्या ठाऊक होत्या कजाग सासू म्हणून. आजही त्यांचे नाव निघताच तो बारीक झालेला डावा डोळा आठवतो. परंतु याच बाईंनी एके काळी मुखवटा चढवून अन्यायाशी झुंजणारी वीरांगना रंगविली होती, हे किती वाचकांस ठाऊक असेल?

ललिताबाईंचा जन्म १९१६ साली येवल्याचा. बारा वर्षांच्या वयातच त्या पुण्यास मूकपटांत शिरल्या. १९३१ साली गणपतराव पवारांनी दिग्दर्शित केलेला 'दिलेर जिगर' निघाला. राज्य बळकावणारा दुष्ट चुलता, कसरती करीत वाढलेला राजपुत्र आणि मुखवट्याआडून धावून येणारी त्याची प्रेयसी, असे हे मारधाडीचे कथानक. ती प्रेयसी म्हणजे ललिताबाई. मुखवटाधारी नायिकेचे श्रेय लोक नादियाच्या 'हंटरवाली'स देतात. पण तो बोलपट १९३५ चा, म्हणजे चार वर्षांनंतरचा होय.

मग ही वीरांगना विस्मृतीत का गेली? एक तर पौराणिक पटांस मान देणाऱ्या सुशिक्षितांनी मारधाडीच्या पटांस कधी पंक्तीस बसविलेच नाही. आमच्या मते हा न्याय नव्हे. देगलूरच्या बाजारात मराठी, तेलुगू, कानडी व उर्दू अशा चार भाषा कानी पडतात. अशा बहुभाषी देशात साहसाचा मूकपट कोणासही परका नव्हता. उडी आणि झुंज यांस दुभाष्या लागत नाही. दुसरे असे की, आपल्याकडे सुमारे तेराशे मूकपट झाले आणि त्यांतले फारच थोडे वाचले. ती फीत ज्वालाग्राही आणि नाशवंत. 'दिलेर जिगर' वाचला, हे आपले भाग्य.

तिसरे कारण दैवाचे. १९४२ साली 'जंग-ए-आझादी'च्या चित्रणात सहनटाची चपराक जोराने बसली, चेहऱ्यास पक्षाघात झाला आणि डोळा कायमचा अधू राहिला. नायिकेची वाट बंद झाली. बाईंनी चरित्रभूमिकांची वाट धरली व १९५९ च्या 'अनाडी'साठी फिल्मफेअर पारितोषिक मिळविले. १९९८ साली पुण्यास त्यांचे निधन झाले.

जपानात मेइको काजी हिने १९७३ साली 'लेडी स्नोब्लड'मध्ये सूड घेणारी खड्गधारिणी रंगविली. तीस वर्षांनी अमेरिकेतील 'किल बिल'ने तिचे ऋण उघडपणे मान्य केले आणि जगाने तिला नव्याने पाहिले. ललिताबाईंच्या वाट्यास असे ऋणको आले नाहीत. अपघातानंतरचा चेहरा आम्ही जपला, त्याआधीचा विसरलो. अर्धी हकीकत म्हणजे इतिहास नव्हे. निदान मराठी वाचकाने तरी मंथरेमागची ती मुखवटाधारी मुलगी ओळखावी.