टिपणे आणि टोचणे : कोंबड्यांच्या चोचकर्तनाचा इतिहास

कोंबडी दाणा टिपते, दुसरीला चोच मारते आणि जखम टोचते. मराठीत या क्रियांना निरनिराळे शब्द आहेत. इंग्रजीत 'पेक' हे एकच क्रियापद तिन्हींचा भार वाहते. या एका शब्दाची किंमत कोंबड्यांनी आपल्या चोचींनी मोजली, असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. तथापि ते सर्वस्वी असत्यही नाही.

इ. स. १९२२ मध्ये नॉर्वेचे प्राणिशास्त्रज्ञ शेल्डेरुप-एब्बे यांनी कळपात कोणती कोंबडी कोणाला चोच मारते याची उतरंड जर्मन भाषेतील निबंधात मांडली. असे प्रहार बहुधा डोक्यावर होतात, आणि उतरंड ठरली की ते उणावतात. परस्परांची पिसे उपटणे व त्यातून उद्भवणारे स्वजातिभक्षण हे याहून निराळे; त्याच्या मुळाशी वैर नसते. परंतु त्या काळच्या कुक्कुटपालनविषयक वाङ्मयाने त्यास 'व्हाइस', म्हणजे खोड, ठरविले. आणि खोड म्हटली की ती मोडणे ओघानेच आले.

अमेरिकेतील ओहायोच्या कृषिप्रयोगकेंद्रात १९३० नंतरच्या दशकात जे कर्तन सुरू झाले, त्यात चोचीचे निर्जीव टोक तेवढे काढीत. ते काही आठवड्यांत पुन्हा वाढे. १९४० च्या सुमारास सॅन दिएगो येथील एका कुक्कुटपालकाने वरची चोच ज्योतीने जाळून पाहिली. शेजाऱ्याने डाग देण्याच्या लोखंडी कांबीला धार लावली. १९४३ मध्ये तेथील लायन इलेक्ट्रिक कंपनीने 'डिबीकर' हे यंत्रनाम नोंदविले. तापलेले पाते आता सजीव भागापर्यंत पोहोचू लागले.

त्या भागात मज्जातंतू असतात. कापलेल्या टोकांशी तंतूंच्या गाठी बनतात व त्यांतून विकृत संवेदना उठतात, हे ब्रीवर्ड व जेंटल यांनी १९८५ मध्ये दाखविले. अगदी कोवळ्या पिल्लांत हा दोष कमी आढळतो, हेही पुढे दिसून आले. दरम्यान 'डिबीकिंग' जाऊन 'ट्रिमिंग' आले, आणि अवरक्त किरणांच्या पद्धतीबरोबर 'ट्रीटमेंट'. छेदाचे छाटणीत आणि छाटणीचे उपचारात झालेले हे रूपांतर अर्थसौम्यीकरणाचे नमुनेदार उदाहरण होय.

खरा उलगडा नेदरलंड्सच्या ब्लोखुइस यांनी १९८६ मध्ये केला. जमीन उकरून टिपण्याची प्रेरणा, टिपण्याजोगे काही न मिळाल्यास, शेजारणीच्या पिसांकडे वळते. म्हणजे टोचणे हे वाट चुकलेले टिपणेच. पिल्लूपणापासून भुसा, गवत व उकरण्यास मोकळी जागा देणे हा उपाय यातूनच निघाला. वंशनिवडीनेही हातभार लावला : म्यूर यांनी १९९६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात, एकट्या कोंबडीऐवजी संपूर्ण पिंजऱ्याच्या निष्पत्तीवर निवड केल्याने, चोच न कापलेल्या समूहातील वार्षिक मृत्यू शेकडा ६८ वरून ८.८ वर आले.

नॉर्वेने १९७४ मध्ये, फिनलंडने १९८६ मध्ये व स्वीडनने १९८८ मध्ये हे कर्तन निषिद्ध केले. महाराष्ट्रातील अंडी-उत्पादकांच्या बोलण्यात मात्र 'डिबीकिंग' हा जुनाच शब्द टिकून आहे.