१४ शर्यती, १४ विजय: एकदाही न हरलेला घोडा 'फ्रँकल'

आपल्याकडे घोड्यांची शर्यत म्हटलं की महालक्ष्मी रेसकोर्स आठवतं. पण 'आजवरचा सगळ्यात भारी घोडा कोणता?' असा वाद जगात कुठेही रंगला, तरी एक नाव निघतंच. फ्रँकल.

फ्रँकलचा जन्म ११ फेब्रुवारी २००८ चा, इंग्लंडमधला. वडील गॅलिलिओ, आई काइंड, मालक सौदी राजपुत्र खालिद अब्दुल्ला. अब्दुल्लांचे अनेक घोडे घडवणारे अमेरिकन ट्रेनर बॉबी फ्रँकल २००९ मध्ये वारले. त्यांच्या आठवणीत या शिंगराला त्यांचं नाव दिलं गेलं.

शिंगरू गेलं न्यूमार्केटला, सर हेन्री सेसिल यांच्या तबेल्यात. सेसिल म्हणजे दहा वेळा चॅम्पियन ठरलेले ट्रेनर. पण २००५ मध्ये त्यांच्या घोड्यांनी वर्षभरात जेमतेम १२ शर्यती जिंकल्या आणि पुढच्याच वर्षी त्यांना पोटाचा कॅन्सर निघाला. अशा माणसाच्या हाती हा घोडा आला.

घोड्यात वेग भरपूर होता. अडचण होती त्याच्या घाईची! मैलभराच्या शर्यतीत सुरुवातीलाच सगळा दम खर्च केला, तर शेवटी पाय जड होतात. फ्रँकलला मात्र थांबणं माहीतच नव्हतं. एप्रिल २०११ च्या '२००० गिनीज'मध्ये तो गेट उघडताच सुटला आणि तब्बल ६ लांबींनी जिंकला. (अंतर घोड्याच्या लांबीत मोजतात. एक लांबी म्हणजे साधारण ८ फूट.) जूनमध्ये अ‍ॅस्कटला तो पुन्हा लवकर सुटला, शेवटी दमला आणि पाऊण लांबीने कसाबसा वाचला.

सेसिलनी मग त्याला काय शिकवलं? शांत राहायला. सकाळच्या सरावात दुसऱ्या घोड्यांच्या मागे धावायचं आणि सांगितल्यावरच पुढे जायचं. चौदाही शर्यतींत जॉकी एकच होता, टॉम क्विली. २०१२ मध्ये याचं फळ दिसलं. क्वीन अ‍ॅन स्टेक्स तो ११ लांबींनी जिंकला. ऑगस्टमध्ये यॉर्कला तो पहिल्यांदाच मैलापेक्षा लांब, सुमारे २,१०० मीटर धावला आणि ७ लांबींनी पुढे राहिला. केमोथेरपीने खंगलेले सेसिल तिथे हजर होते. त्यांचा आवाज जवळपास गेला होता.

२० ऑक्टोबर २०१२ ला अ‍ॅस्कटला शेवटची शर्यत झाली. पावसाने गवत भिजलेलं, फ्रँकल गेटमधून उशिरा निघाला, समोर ओल्या मैदानाचा बादशहा सिरस देझेग्ल. तरीही फ्रँकल पावणेदोन लांबींनी जिंकला. 'टाइमफॉर्म'ने त्याला १४७ गुण दिले. अडथळ्यांशिवायच्या शर्यती धावणाऱ्या घोड्याला त्यांनी दिलेले हे सर्वाधिक गुण आहेत.

सेसिल जून २०१३ मध्ये गेले.

टीकाकारांचा एक मुद्दा मात्र रास्त आहे. फ्रँकल इंग्लंडबाहेर कधी धावला नाही, आणि २,४०० मीटरवर तर मुळीच नाही. त्याचं उत्तर पोरांनी दिलं. त्याच अंतराची एप्सम डर्बी २०२१ मध्ये त्याच्या अदायारने जिंकली आणि २०२२ मध्ये पॅरिसची 'आर्क' त्याच्या अल्पिनिस्टाने.