दोन सडांचे दूध

तिसगाव ज्या पाथर्डी तालुक्यात येते, तो पर्जन्यछायेतला मुलूख. १९७२च्या दुष्काळात गाईम्हशींचा चारा सरला. शेळी मात्र बाभळीच्या पाल्या-शेंगांवर तगली. तिला सड दोनच. पहिली धार टाकायची, मग सडाचा वरचा भाग अंगठा व तर्जनीत आवळून उरलेली बोटे क्रमाने मिटायची. हे काम बहुधा बायाबापड्यांचे, म्हणूनच इतिहासात त्याची फारशी नोंद नाही! १९१९ साली आजारी गांधीजींनी कस्तुरबांच्या सांगण्यावरून शेळीचे दूध घेतले, ते तेवढे सर्वांना ठाऊक. नीतिसूत्रांचा सत्ताविसावा अध्याय अधिक न्यायी वाटतो. शेळ्यांचे दूध घरच्या दासींनाही पुरेल, असे तो आवर्जून सांगतो. आमच्या वस्त्यांवर ते आधी तान्ह्या लेकरांना मिळे, उरले तर चहाला.