शब्दवेध : बाळबोध

एखादे लेखन फार सोपे वाटले की त्यास ‘बाळबोध’ म्हणून आपण मोकळे होतो. परंतु बालांस बोध व्हावा एवढाच ज्याचा मूळ अर्थ, तो हा शब्द मराठी मुलखात एका लिपीचेही नाव होता. दफ्तरातील कारकून आधी आडवी रेघ ओढून, बोरू शक्यतो न उचलता आणि ऱ्हस्वदीर्घाची तमा न बाळगता जी मोडी झरझर लिहीत, ती वाचण्यास सराईत डोळाच हवा. उलट पोथीतील देवनागरीत प्रत्येक अक्षर सुटे व निःसंदिग्ध, म्हणून ती बाळबोध. विनायक कोंडदेव ओक यांनी १८८१ साली मुलांसाठी मासिक काढले तेव्हा त्यास ‘बालबोध’ हेच नाव दिले, आणि चरित्रे, कविता, निबंध, शास्त्रीय विषय असा नानाविध मजकूर सुबोध मराठीत वर्षानुवर्षे पुरविला. असे लिहिणे विद्वानांसाठी लिहिण्याहून कठीण, असे माझे स्पष्ट मत आहे. तेव्हा मुलांच्या पुस्तकांची परीक्षणे लिहिणाऱ्या टीकाकारांना विनंती एवढीच, की हा शब्द त्यांनी दूषण म्हणून न वापरता प्रशंसेसाठी राखून ठेवावा.