जमालपूरहून घरी

दर १५ ऑगस्टला आपल्या आवारात झेंडावंदन करणारे सुभेदारकाका १९७१च्या डिसेंबरात जमालपूरला होते. १ मराठा लाइट इन्फन्ट्री, म्हणजे 'जंगी पलटण'. शरण या, अशी चिठ्ठी आपल्याकडून गेली. पाकिस्तानी कर्नलने उत्तरात बंदुकीची गोळी गुंडाळून पाठवली. १० तारखेच्या रात्री ते निसटायला निघाले आणि थेट मराठ्यांच्या मोर्चांवर आले. हे पुस्तकांतही मिळतं.

घरी परतल्याचं मात्र काका गेल्या गणपतीत पहिल्यांदाच बोलले. कल्याण स्टेशनवर आईनं आधी त्यांचे हातपाय चाचपले. "मला मात्र शेजारच्या मोर्चातला पोरगा आठवत होता. त्याच्या आईला काय सांगणार?"

साताऱ्याला तिच्याकडे जायला त्यांना दोन वर्षं लागली. तिनं काही विचारलं नाही, पोटभर जेवू घातलं.